ऊन वरणाची वाटी

घर बघायला गेले त्या दिवशी मी ओसरीवर बसले न बसले तोच घरमालकांनी माझ्या चपला उचलल्या आणि दाराकडे तोंड करून नीट जोडून ठेवल्या. मी मनात म्हटलं, झालं! अजून पाण्याचा तांब्यासुद्धा पुढं आला नाही आणि यांनी वाट दाखवली. मी नाशिककडची, नवी मास्तरीण, राग नाकाच्या शेंड्यावर. ताडकन उठले. तर हा सहाफुटी, पिकल्या मिशांचा माणूस कमरेत वाकून उभा, हात मांड्यांवर.

"रागे भरू नका, बाई," ते म्हणाले. "जावाना टाइमले सोपं पडस."

सगळा गाव त्यांना जिभाऊ म्हणे, म्हणून मीही म्हणू लागले. पाठीमागे मात्र त्यांचं नाव 'जपान्या'. लढाई संपल्यावर आपल्या काही पलटणी पहाऱ्यासाठी जपानात गेल्या होत्या, त्यांतल्या एकीत ते लांगरी होते, म्हणजे शिपायांचे स्वैपाकी. सारंगखेड्याच्या जवळ, तापीच्या काठचं ते गाव. नंदुरबारच्या पलीकडं न गेलेली माणसं तिथं पुष्कळ होती, आणि हे एकदम जपान बघून आलेले. माणसं परदेशातून घड्याळ आणतात, रेडिओ आणतात. जिभाऊंनी खोडी आणल्या.

चपलांच्या खोडीपायी गावच्या पाटलांनी त्यांच्याशी वर्षभर अबोला धरला होता. पाटील विड्याला म्हणून आले, बाहेर बघतात तर जोडे निघायच्या तयारीत! "मालेच घरातून काढस का रे?" म्हणून जे गेले ते गेले. जिभाऊ त्यांच्या मागं पांदीपर्यंत वाकत वाकत गेले, त्यानं तर पाटलांचा राग आणखीच वाढला. त्यांना वाटलं, हा वर चेष्टाही करतोय.

दुसरी खोड आंघोळीची. त्यांच्या मळ्यात उसाचं गुऱ्हाळ होतं. हंगाम संपला की रस आटवायची ती भली मोठी काहील रिकामी पडे. जिभाऊ तिच्यात पाणी भरत, तळाशी फळकूट टाकत, खाली चिपाडांचा जाळ करत आणि गळ्यापर्यंत आत बसून राहत, डोक्यावर ओला पंचा ठेवून. एप्रिल महिन्यात, खानदेशच्या उन्हात! बायका पाण्याला जाताना पदराआड हसत, "जिभाऊना गूळ व्हई ऱ्हायना." तेही आतून ओरडत, "चाखाले या!" त्यांच्या बायकोला, म्हणजे मोठ्या वहिनींना, ह्या प्रकाराची इतकी लाज वाटे की त्या दिवसांत त्या मळ्याची वाटच सोडून देत.

पण ह्या झाल्या गमतीच्या गोष्टी. जिभाऊंची खरी खोड ताटाची होती, आणि तिच्यात एका माणसाचा जन्म अडकला होता.

त्यांच्या घरी तिसरं माणूस होतं ते त्यांच्या धाकट्या भावाची बायको. घरात तिला 'धाकली' म्हणत, मी धाकल्या वहिनी म्हणे. लग्न होऊन ती आली तेव्हा अगदी पोरगी होती. नवऱ्याबरोबर नांदली जेमतेम एक हंगाम. मग तो पलटणीत भरती झाला, सिंगापूरकडे गेला, तिथं सगळी पलटण जपान्यांच्या हाती लागली, आणि तो कुठं गेला ते कुणाला कळलं नाही. सरकारनं कळवलं, बेपत्ता. मेला असंही नाही, आहे असंही नाही. मी त्या घरात राहायला गेले तेव्हा लढाई संपूनही दहाएक वर्षं उलटली होती. ती तिशी ओलांडलेली, हातात बांगड्या, कपाळाला कुंकू, आणि तोंड चुलीकडे.

जेठासमोर, म्हणजे थोरल्या दिरासमोर, तिनं पदर पुढं ओढायचा आणि बोलायचं नाही, ही रीत. दोघांमधला सगळा व्यवहार मोठ्या वहिनींच्या तोंडून चाले, आणि त्या घरी नसल्या तर गाईच्या तोंडून. धाकल्या वहिनी गोठ्याकडे बघून म्हणत, "गाय माय, जेवन व्हयनं व." जिभाऊ ओसरीवरून गाईलाच उत्तर देत, "ऊनू सांग," म्हणजे आलोच म्हणून सांग. मला आधी हसू आवरत नसे. नंतर सवय झाली. माणसांना कशाचीही सवय होते.

दुपारी जिभाऊ जेवायला बसले की त्यांच्या डाव्या हाताला आणखी एक पाट मांडलेला असे. त्यावर ताट: भाकर, भाजी, भात, आणि पितळेच्या वाटीत वरण. वाटीवर झाकण. स्वतःच्या घासाला हात लावण्याआधी जिभाऊ ते झाकण उचलत, उलटं करत आणि आतल्या बाजूला बघत. तिथं वाफेचे थेंब जमलेले असत. ते बघून एकच शब्द म्हणत, "शे."

म्हणजे आहे. भाऊ आहे. जित्ता आहे.

मग जेवत. आणि स्वतःचं संपलं की ते दुसरं ताटही तेच संपवत. इथंच गावाचं डोकं फिरे. आपल्याकडे घरात नसलेल्या माणसाचं ताट मांडायचं ते गेलेल्याचं, आणि ते जायचं कावळ्याला नाही तर गाईला. हा माणूस पितराचं पान स्वतः खातो! घरात भूत बसवलंय, असं लोक उघड बोलत. मोठ्या वहिनींना बायका विचारत आणि त्या वैतागून सांगत, "आमना धनी म्हनस, जित्ता मानूसना घास कावळा कसाले खाई?"

एका म्हाताऱ्यानं तर त्यांना चावडीवरच सुनावलं होतं. "जपान्यासनी तुन्हा भाऊ मारा, आन तू त्यासनाच रिवाज पाळस? लाज शे का?"

जिभाऊ त्याला वाकून नमस्कार करून घरी आले म्हणे.

मी मास्तरीण पडले, मला कुठलं गप्प बसवतंय. पहिल्याच महिन्यात मी त्यांना म्हटलं, "जिभाऊ, उकळत्या वरणावर झाकण ठेवलं की त्याला घाम येणारच. चौथीची पोरंसुद्धा सांगतील."

"मालेबी माहीत शे, बाई," ते शांतपणे म्हणाले. "मी लांगरी मानूस. पन कोनी तरी रोज तेनासाठे ऊन वरन कराले जोयजे ना!"

 

ही रीत त्यांनी आणली होती एका जपानी म्हातारीकडून. तिची गोष्ट ते नेहमी तिच्याच तोंडानं सांगत. पहिल्यांदा ऐकली तेव्हा माझा चांगलाच घोटाळा झाला. हा मिशाळ माणूस अंगणात बाजेवर बसून म्हणतो, "मन्हा आंडोर पलटनमा गया. मी रोज तेनं ताट मांडं." मी म्हटलं, यांना मुलगा कधी होता? मोठ्या वहिनी आतून म्हणाल्या, "ती म्हातारी बोली ऱ्हायनी, बाई. आयका गुपचूप."

म्हातारीनंच त्यांना तसं सांगितलं होतं. तिचं घर जळालं, गल्ली जळाली, ओळखीची माणसं गेली. आता माझी गोष्ट माझ्याशिवाय कुणाला ठाऊक नाही, तू परक्या मुलखाचा आहेस, तू घेऊन जा. असं काही ती म्हणाली असेल, आणि जिभाऊंना मोडकंतोडकं कळलं असेल. त्यांनी ती घेतली आणि आपल्या अहिराणीत घोळून घोळून ठेवली.

पहाटे विमानं आली. आकाशातून आग पडली. म्हातारी आणि तिची सून गोधडी भिजवून डोक्यावर घेऊन नदीत जाऊन बसल्या, गळ्यापर्यंत पाण्यात. वरून ठिणग्या पडायच्या, गोधडी वाफाळायची, की पुन्हा बुडवायची. आजूबाजूला बसलेल्यांपैकी काही जण सकाळी उठलेच नाहीत. म्हातारीनं घरातून एकच वस्तू उचलली होती, मुलाची झाकणाची वाटी. मग एक दिवस रेडिओवर त्यांचा राजा बोलला. त्याची भाषा इतकी जड की काय झालं तेच कळेना. शेजारचा माणूस रडायला लागला तेव्हा कळलं की लढाई संपली. मग भूक. रताळ्याचा पाला खाल्ला. लग्नातली रेशमी वस्त्रं खेड्यात नेऊन मूठमूठ तांदळाला दिली. आणि एके दिवशी पांढऱ्या कापडात गुंडाळलेली लाकडी पेटी आली, तुझ्या मुलाच्या अस्थी म्हणून. म्हातारीनं उघडली तर आत एक दगड.

इथं जिभाऊ थांबत. मिशीवरून हात फिरवत. मग म्हातारीच्या आवाजात ठसक्यानं म्हणत, "हाऊ दगड मन्हा आंडोर नही. ज्याना व्हई, त्याले द्या."

जिभाऊ जपानात गेले होते तेच मुळी भावाला शोधायला. बिचाऱ्यांना वाटलं, जपान्यांनी धरून नेला म्हणजे जपानातच ठेवला असणार. जपान म्हणजे काय शहाद्याचा बाजार, की आठवड्याला सगळे भेटतील! तिथं गेल्यावर कळलं की कैदी कुठल्या कुठल्या जंगलांत नेले होते, त्यांचा इथं पत्ताही नव्हता. त्यानंतर त्यांचं अन्नावरचं मनच उडालं. स्वैपाकी आणि जेवेना. म्हातारी छावणीच्या मागच्या दाराशी भाताची खरवड मागायला यायची. जपान्यांच्या घरी पाऊल टाकायचं नाही असा पलटणीत सक्त हुकूम होता, तरी हे एक दिवस खरवड पोचवायला तिच्या पत्र्याच्या खोपटात गेले. तिनं मुलाचं ताट मांडलेलं होतं. यांनी खुणेनं सांगितलं: दोन बोटं वर केली आणि एक मिटलं.

दुसऱ्या दिवशी गेले तर खोपटात दोन ताटं.

"माले सांगस, हाई तुन्हा भाऊनं," जिभाऊ म्हणत. तेवढं वाक्य मात्र ते स्वतःच्या आवाजात बोलत, आणि मग उठून बैलांना पाणी पाजायला जात. ज्यांच्या पलटणीनं भाऊ नेला त्यांच्यातल्याच एका उपाशी म्हातारीनं त्याच्यासाठी रोज मूठभर भात बाजूला काढला, ही गोष्ट त्यांच्या काळजाला जी चिकटली ती चिकटलीच. मला ते सगळं पटायचं. रडूही यायचं. पण ते ताट रोज कोण वाढतं, ह्याचा विचार माझ्या मनात यायला फार दिवस लागले.

वाढायच्या धाकल्या वहिनी. पहिली काही वर्षं त्या वरण मुद्दाम उकळतं ठेवायच्या, त्यांनीच मला सांगितलं. जिभाऊंना मळ्यातून यायला उशीर झाला तर वाटी पुन्हा चुलीपाशी न्यायच्या. झाकण कोरडं निघेल, ही भीती. मग आशा केव्हा तरी विझली आणि नुसतं काम उरलं. रोज दुपारी झाकण उघडायचं, बाहेरून 'शे' ऐकू यायचं, आणि यांनी पुढची भाकर थापायची.

तापीवर तेव्हा नवी ऑइल इंजिनं बसली होती. जिभाऊंचं इंजिन बिघडलं की शहाद्याहून एक मिस्त्री यायचा. चाळिशीचा, बायको वारलेला, पदरात एक लहान मुलगी. हाताला कायम काळं तेल. धाकल्या वहिनी मळ्यात त्याला चहा नेऊन द्यायच्या. इतकंच. एक दिवस तो माझ्याकडे येऊन उभा राहिला, पायरीवर, टोपी हातात घेऊन.

"बाई, माले बोलता येत नही. इंजिन बोलस तेवढंच समजस," म्हणाला. आणि मग जे बोलला ते अगदी सरळ होतं. त्यांच्या समाजात नवरा वारलेल्या बाईचा पाट, म्हणजे दुसरं लग्न, लागत असे, त्यात कुणाला वावगं नव्हतं. पण नवरा वारायला हवा ना! "जिभाऊ रोज म्हनस, शे. तो शे तर मी कसा इचारू? मन्हा सोयरा आखाजीना सननंतर दुसरीकडे बोलनी करी ऱ्हायनात. तिनं मन काय शे, तेवढं माले सांगा."

मी धाकल्या वहिनींना सांगितलं. त्या तांदूळ निवडत होत्या. त्यांनी सूप खाली ठेवलं.

मी म्हटलं, "मी बोलते जिभाऊंशी. मला कुणाची भीती नाही."

"नका, बाई," त्या म्हणाल्या. "मन्हं मीच सांगसू."

"कुणाच्या तोंडून? गाईच्या?"

त्या हसल्या. त्या घरात त्यांना मनापासून हसताना मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. मी माझ्या खोलीच्या दारात बसून पोरांची गणितं तपासत होते. तिथून जेवणाची जागा समोर दिसे. जिभाऊ येऊन बसले. पाट मांडलेला होता. धाकल्या वहिनींनी ताट आणून ठेवलं, वाटी ठेवली, झाकण घातलं. रोज त्या लगेच आत वळत. आज वळल्या नाहीत. जिभाऊंचा हात झाकणाकडे गेला आणि धाकल्या वहिनींनी पदर होता तिथंच ठेवून, जेठाच्या तोंडासमोर, स्वच्छ आवाजात म्हटलं,

"जिभाऊ, वरन थंडं शे. मी मुद्दाम थंडं करं. माले जानं शे."

मोठ्या वहिनींच्या हातातलं उलथनं खाली पडलं.  जिभाऊंचा हात झाकणावर तसाच. त्यांनी ते उचललं नाही. एवढा मोठा माणूस, पण त्या वेळी इतका हरवलेला दिसला की मला वाटलं, उठून त्याच्या पाठीवरून हात फिरवावा.

"बठ, माय," ते शेवटी म्हणाले. त्या भिंतीला टेकून बसल्या.

मग जिभाऊंनी म्हातारीच्या गोष्टीतला एक तुकडा सांगितला. तो मी कधी ऐकला नव्हता, मोठ्या वहिनींनीही नाही. या वेळी ते म्हातारीच्या आवाजात बोलत नव्हते.

"तिनी सून व्हती ना, नदीमा संगे बठेल? तिले म्हातारीनीच धाडं. आपला हातनी दुसरं घर करी दिधं. तिले सांगं, वाट देखानं काम मायनं शे, तुन्हं नही. तू जाय." ते थांबले. "एवढी गोष्ट मी कधी कोनले सांगी नही."

"काब्र?" मोठ्या वहिनींनी विचारलं.

जिभाऊंनी धाकल्या वहिनींकडे बघितलं. "ती आयकी, म्हनीसन."

ती ऐकेल, म्हणून. खोटं कशाला सांगू, त्या क्षणी मला जिभाऊंचा असा संताप आला की वह्या फेकाव्यात त्यांच्या अंगावर. एका बाईची दहा-बारा वर्षं! आणि त्याच क्षणी हेही दिसत होतं की त्या माणसाचा भाऊ त्याच्या हातून आत्ता, ह्या दुपारी जातो आहे. ज्यानं रोज 'शे' म्हणून धरून ठेवला त्याला सोडून देणं काय सोपं असतं?

धाकल्या वहिनी रडल्या नाहीत. म्हणाल्या, "मी तुमले दोष देत नही, जिभाऊ. इतला वरीस मीच ते ऊन करं ना."

जिभाऊंनी झाकण बाजूला सारलं, त्याच्या आत न बघता. ते गार, साय धरलेलं वरण भातावर ओतलं आणि सगळं ताट संपवलं, शितही न ठेवता. हात धुऊन म्हणाले, "मिस्त्रीले सांगा, आखाजी व्हवू दे."

पुढं सगळं रीतसर झालं. आखाजी झाल्यावर पंधरा दिवसांत पाट लागला. जिभाऊ बापाच्या जागी उभे राहिले. त्याआधी बायका बांगड्या फोडायला आल्या होत्या, त्यांना त्यांनी ओसरीवरूनच परत पाठवलं: "बांगड्या फोडानी नही. मन्हा घरमा नही." खोड्याळ माणसाला तेवढी मुभा असते. धाकल्या वहिनी शहाद्याला गेल्या, मिस्त्रीची मुलगी त्यांना आई म्हणू लागली. वर्षभरात माझीही अक्कलकुव्याला बदली झाली. जिभाऊंची आणि माझी पुन्हा भेट झाली नाही.

पण मला सांगायची आहे ती आखाजीची सकाळ. देशावर जिला अक्षय तृतीया म्हणतात ती खानदेशात आखाजी, आणि त्या दिवशी घरचे गेलेले लोक जेवायला येतात. नवी मातीची घागर पाण्यानं भरून ठेवतात, तिच्यावर आंबे आणि खरबूज. गोवरीच्या विस्तवावर त्यांच्या नावानं तूप आणि पुरणपोळीचा घास सोडतात. त्याआधी घरातल्या कर्त्यानं उंबऱ्याशी बसून, एकेका पितराचं नाव घेऊन, लाकडावर कुंकवाचं एकेक बोट उठवायचं. नाव घेतलं की तो आला.

जिभाऊ बसले. आज्याचं नाव घेतलं, बोट उठवलं. आजीचं. बापाचं. आईचं. मग बोट कुंकवात बुडवलं आणि ते तसंच हवेत राहिलं.  इतकी वर्षं त्या घरात त्याला 'धाकला' म्हणत, 'तो' म्हणत. कुणी त्याचं नाव घेतलेलं मी ऐकलं नव्हतं. मोठ्या वहिनी हळूच म्हणाल्या, "नाव ल्या." जिभाऊंनी मान हलवली. त्यांना ते होईना.

तेव्हा धाकल्या वहिनी स्वैपाकघरातून उठून आल्या. हाताला पुरणपोळीचं पीठ. तिकडं बायको नवऱ्याचं नाव उखाण्यातसुद्धा लाजत घेते. त्या जिभाऊंच्या शेजारी उकिडव्या बसल्या, पदर डोक्यावरून मागं घेतला, बोट करंड्यात बुडवलं, उंबऱ्यावर टेकवलं आणि नवऱ्याचं नाव घेतलं. मोठ्यानं, हाक मारावी तसं.

जिभाऊंनी विस्तवावर तूप सोडलं. ज्योत उठली.

"जेवाले बठ रे, भाऊ," ते म्हणाले.